मॅडम, तुमचे ते सात ऑडिओ

नमस्कार मॅडम,
ओळखलंत का, मी तारकर्लीतली होमस्टेवाली, दिवाळीनंतर चार दिवस राहिलात आणि रोज दोन दोन वाट्या सोलकढी प्यायलात. फोनवर आभार मानायला गेले की मला रडू येतं म्हणून इथेच सगळ्यांसमोर लिहितेय.

त्या रात्री आठला परदेशी जोडपं जेवायला आलं आणि मी दारातच हसत 'गुड नाइट' म्हटलं, बिचारी जागीच थांबली, त्यांना वाटलं किचन बंद झालं! तुम्ही हसला नाहीत. मागाहून हळूच सांगितलंत, भेटताना गुड ईव्हनिंग, गुड नाइट निरोपाला. आमचं इंग्रजी पाचवीपासून, स्पेलिंग पाठ, पण कानावर कधी पडलंच नव्हतं ना.

मग तुम्ही पुण्याहून ऑडिओ पाठवलेत, तुम्ही आणि तुमची लेक पहिल्यांदाच भेटताय असं नाटक करून. पहिल्यांदा नुसतं ऐकायचं, मग गाळलेले शब्द भरायचे, मग तुमच्या मागून म्हणायचं. मी कोलंबी सोलताना लावायचे, हात भरलेले त्यामुळे मध्येच थांबवता यायचं नाही, ते एक बरंच झालं. मी शोधतेय 'व्हॉट इज युवर नेम' आणि तिकडून येतंय 'व्हॉट्सयोनेम', सगळं एकाच दमात! 'मीट यू'चं 'मीच्यू'. कितव्यांदा तरी ऐकल्यावर ट्यूब पेटली. सासूबाई वैतागायच्या, "ताच ताच काय ऐकतंस गो?" आता त्या स्वतःच मासेवालीला 'हाऊ आर यू' विचारतात.

नाव सांगताना 'आय अ‍ॅम'ऐवजी 'मायसेल्फ' म्हणायची सवय सुटायला मात्र दोन महिने गेले, 'आयॅम'मधला म इतका बारीक की ऐकूच यायचा नाही. आणि 'हाऊ डू यू डू'ला उलट 'हाऊ डू यू डू'च म्हणायचं हे काही पटत नाही बाई, तो ऑडिओ मी सोडूनच देते, सॉरी.

गेल्या आठवड्यात एक बाई आल्या, बॅग खाली ठेवायच्या आधीच भरभर नाव सांगितलं आणि मी ते पकडलं! त्याच नावाने त्यांना 'नाइस टु मीट यू' म्हटलं. आधी मी समोरच्याचं नाव ऐकतच नव्हते, आपण काय बोलायचं याच टेन्शनमध्ये असायचे.

सातव्या ऑडिओतली एक जागा अजून रिकामी आहे. निघताना तुमची लेक 'सी यू'नंतर पटकन काहीतरी म्हणते, मला ते 'अराउंड' वाटतंय, सासूबाई म्हणतात 'अरे रामा'. सांगू नका हं एवढ्यात, अजून दोनदा ऐकते.