तक्रार पत्र : खेळ मुलाचा, मग दर अपडेटला पासवर्ड माझा कशाला?

शहापूर, बेळगाव
२४ नोव्हेंबर

प्रति,
ग्राहक तक्रार निवारण अधिकारी,
गेम लाँचर विभाग

विषय : तुमचा लाँचर ॲडमिनिस्ट्रेटरच्या परवानगीशिवाय उघडत नाही, याबाबत तीन वेळा कळवूनही उपाय न झाल्याबद्दल.

महोदय / महोदया,

जून महिन्यात मुलाच्या वाढदिवसाला मी तुमच्या दुकानातून १,९९९ रुपयांचा एक रेसिंगचा गेम घेतला. मुलगा नववीत आहे. त्याची मावसभावंडं कोल्हापुरात असतात. आमच्याकडे शाळांना मोठी सुट्टी दसऱ्याला आणि कोल्हापुरात दिवाळीला, त्यामुळे पोरांची गाठ पडायची पंचाईत. शनिवारी रात्री दोन तास सगळ्यांनी मिळून ऑनलाइन गाड्या पळवायच्या, एवढ्यासाठीच तो घेतला होता. गेम चांगला आहे, त्याबद्दल तक्रार नाही. तक्रार आहे तो सुरू करून देणाऱ्या तुमच्या लाँचरबद्दल.

आमच्या घरात कॉम्प्युटर एकच आहे आणि त्यावर माझं पोट चालतं. मी घरूनच व्यापाऱ्यांचे हिशेब लिहिते, जीएसटीचे रिटर्न भरते. अकरा व्यापारी आहेत. सात बेळगावातले, चार निपाणीचे. सीमेवरचा हिशेब डोळ्यांत तेल घालून लिहावा लागतो. निपाणीकराला कोल्हापूर जवळ, बेळगाव लांब. त्याचा स्वतःचा जीएसटी नंबर कर्नाटकाच्या २९ ने सुरू होतो आणि बरीचशी गिऱ्हाइकं महाराष्ट्राच्या २७ ची. माल तिकडे गेला की आयजीएसटी, इकडेच राहिला की सीजीएसटी आणि एसजीएसटी. हे सगळं माझ्या खात्यातल्या डॉक्युमेंट्समध्ये असतं : खरेदी-विक्रीची बिलं, बँकेचे उतारे, लोकांचे पॅन. लोकांनी विश्वासानं दिलेलं हे सामान आहे.

म्हणून विंडोजवर दोन खाती केली आहेत. माझं ॲडमिनिस्ट्रेटरचं, म्हणजे सगळे अधिकार असलेलं, आणि मुलाचं साधं, म्हणजे स्टँडर्ड. त्याच्या खात्यातून अभ्यास होतो, व्हिडिओ दिसतात, चित्रं काढता येतात. नवीन काही बसवायचं असेल तर मात्र तो मला विचारतो आणि मी पासवर्ड टाकते. आमच्या घरची शिस्त ही अशी आहे आणि तुमचा लाँचर येईपर्यंत ती नीट चालली होती.

तुमचा लाँचर बसवताना पासवर्ड मागितला, मी दिला. त्याला माझी काहीच हरकत नव्हती. गेमला लागणारे व्हिज्युअल सी प्लस प्लसचे, डायरेक्टएक्सचे भाग सगळ्या कॉम्प्युटरसाठी बसवायचे असतात, त्याला परवानगी लागतेच. पण दुसऱ्या दिवशी नुसता उघडायला गेलो तरी पुन्हा पासवर्ड. तिसऱ्या दिवशी पुन्हा. मी स्वयंपाकघरात असले की हाक यायची, "आई, ते परत पासवर्ड मागालंय." अपडेट असेल त्या दिवशी दोनदा मागायचा, एकदा उघडताना आणि एकदा अपडेट झाल्यावर आपोआप बंद होऊन पुन्हा सुरू होताना.

ऑगस्टच्या १९ तारखेला मी निपाणीत होते. दुसऱ्या दिवशी ३बी, म्हणजे जीएसटीचा महिन्याचा रिटर्न, भरायची शेवटची तारीख आणि एका व्यापाऱ्याची बिलं जुळत नव्हती. तिथे मुलाचा फोन आला : भावंडं वाट बघत बसली आहेत, अपडेट आलं आहे, पासवर्ड सांग. मी गडबडीत होते, सांगून टाकला. चूक माझीच, ती मी कुणावर ढकलत नाही. पण त्याच महिन्यात पुढे जे झालं ते तुम्ही वाचावं. मुलाला कुणीतरी ऑनलाइन भेटलेल्या माणसानं गाडीचे रंग बदलायचा म्हणून एक प्रोग्रॅम पाठवला. त्यानं तो उघडला. तीच नेहमीची खिडकी आली, त्यानं नेहमीसारखा पासवर्ड टाकला. त्याला मी रागावले तेव्हा तो म्हणाला, "गेमला रोज टाकतोच की आपण. मला वाटलं हेही तसंच." त्याच्या या उत्तरावर मला बोलता येईना. ब्राउझरमध्ये अनोळखी एक्स्टेन्शन बसलं होतं, मुख्य पान बदललं होतं. मी अकराच्या अकरा जणांना फोन करून सांगितलं, जीएसटी पोर्टलचे सगळे पासवर्ड बदलले, बँकेला कळवलं आणि विंडोज पुसून नव्यानं बसवलं. डिजिटल सहीचा टोकन, म्हणजे ती सही असलेला पेनड्राइव्हसारखा तुकडा, कपाटात होता म्हणून ती तरी वाचली. कामाचे तीन दिवस गेले.

तो प्रोग्रॅम तुमचा नव्हता, हे मला पूर्ण मान्य आहे. पण परवानगीची ती खिडकी विंडोजनं २००७ साली व्हिस्टापासून आणली ती कशासाठी? क्वचित यावी आणि आली की माणसानं थांबून बघावं, कोण मागतंय, कशासाठी मागतंय. तुमच्या लाँचरनं ती माझ्या मुलासाठी दाराच्या कडीसारखी केली. दिसली की उघडायची.

तुमच्या ग्राहक सेवेला मी जुलैत, सप्टेंबरमध्ये आणि या महिन्यात असं तीनदा लिहिलं. पहिलं उत्तर आलं की आयकॉनवर उजवं क्लिक करून 'रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर' कायमचं करून ठेवा. दुसरं, मुलाचं खातंच ॲडमिनिस्ट्रेटर करा. तिसरं, विंडोजमधली परवानगी विचारणाऱ्या सूचनांची पट्टी सगळ्यात खाली ओढा, म्हणजे ती खिडकी येणारच नाही, आणि लाँचरचं फोल्डर अँटिव्हायरसमधून वगळा. आणि प्रत्येक वेळी तक्रार 'सुटली' म्हणून बंद. घराचं कुलूप जाम होतंय म्हणून गेलेल्या माणसाला कुलूपवाल्यानं दारच काढून ठेवायला सांगावं, तसा हा सल्ला आहे. तो तुम्ही किती आईबापांना देत असाल याची मला खरोखर काळजी वाटते.

माझा धाकटा भाऊ उद्यमबागेतल्या एका कारखान्यात सीएनसी, म्हणजे कॉम्प्युटरनं चालणाऱ्या, मशीनवर आहे. त्यांच्या मशीनच्या कॉम्प्युटरवर कुणालाही ॲडमिनचा पासवर्ड मिळत नाही, त्यामुळे त्याला या गोष्टी हाताळायची सवय. सप्टेंबरमध्ये त्यानं एक छोटी बॅच फाइल, म्हणजे विंडोजला ओळीनं हुकूम देणारी फाइल, करून दिली. तिच्यात 'रन ॲज इन्व्होकर' ही एक ओळ, आणि खाली तुमचा लाँचर. ही ओळ प्रोग्रॅमला वाढीव अधिकार देत नाही. उलट ज्यानं उघडला त्याच्याच अधिकारात चालव, असं विंडोजला सांगते.

लाँचर उघडला. पासवर्ड न मागता. लॉगिन झालं, मित्रांची यादी आली, गेम सुरू झाला, मुलं दोन तास खेळली. तुमच्या तिन्ही उत्तरांत 'तांत्रिक कारणासाठी ॲडमिन आवश्यक' असं लिहिलं आहे. खेळायला ते आवश्यक नाही, हे माझ्या घरी सिद्ध झालं आहे. लाँचरच्या मॅनिफेस्टमध्ये, म्हणजे त्याला काय अधिकार हवेत ते विंडोजला सांगणाऱ्या नोंदीत, 'रिक्वायर ॲडमिनिस्ट्रेटर' असं लिहून ठेवलंय म्हणून तो मागतो, एवढंच.

त्याच दिवशी आणखी एक गोष्ट उघडकीला आली. मुलगा गेममध्ये शिरला तर तीन महिन्यांची सगळी कमाई गायब, पहिल्या शर्यतीपासून सुरुवात. बिचारा रडकुंडीला आला. संध्याकाळभर शोधल्यावर त्याचे सगळे सेव्ह, म्हणजे खेळ कुठवर आला त्याच्या फाइली, सापडले ते माझ्या डॉक्युमेंट्समध्ये, व्यापाऱ्यांच्या फोल्डरच्या शेजारी. कारण सरळ आहे. मुलाच्या खात्यात बसून मी माझा पासवर्ड टाकला की लाँचर मुलाच्या नव्हे, माझ्या नावानं चालतो. त्यानं सुरू केलेला गेमही माझ्याच नावानं, ॲडमिनच्या अधिकारात. म्हणजे जून ते सप्टेंबर एक इंटरनेटला जोडलेला खेळ माझ्या लोकांच्या पॅन नंबरांना हात लावू शकेल अशा अधिकारानं माझ्या घरात चालत होता. त्यानं काही वाचलं असा माझा आरोप नाही. पण हे अधिकार त्याला का मिळावेत? मी रात्री झोपले नाही ते यामुळे.

आणखी एक किरकोळ गोष्ट, पण मुलांना तीच जास्त लागते. बोलण्यासाठी ती वेगळं ॲप वापरतात. बटण दाबलं की आवाज जातो. गेम ॲडमिनच्या अधिकारात चालू असला की साध्या अधिकारातल्या ॲपला त्याच्या खिडकीत दाबलेलं बटण कळतच नाही. विंडोज मुद्दामच ते अडवतं, आणि बरोबर करतं. तीन महिने कोल्हापूरची मुलं म्हणत होती, तुझा माइक खराब आहे. मी नवीन हेडफोन आणून दिला.

तर बॅच फाइलवर प्रश्न सुटला, असंही नाही. पुढचं अपडेट आलं आणि लाँचर अडला. नवीन फाइल तो स्वतःच्या शेजारी प्रोग्रॅम फाइल्समध्ये लिहायला गेला, तिथे साध्या खात्याला लिहिता येत नाही. मग अपडेटर उघडायला गेला आणि ७४० नंबरची चूक दाखवून बंद पडला. ७४० म्हणजे वाढीव अधिकार हवेत. तो संदेशही फक्त इंग्रजीत. मुलगा घरी मराठी, शाळेत मराठी आणि कन्नड वाचतो, इंग्रजीही येतं. पण 'एलिव्हेशन'वरून त्यानं काय समजायचं?

भाऊ म्हणाला, त्या फोल्डरवर मुलाच्या खात्याला लिहायची परवानगी देऊ या. मीच नको म्हटलं. ज्या फोल्डरमध्ये साध्या खात्यातलं काहीही फाइल बदलू शकतं, तिथलीच फाइल उद्या मी ॲडमिन म्हणून उघडली तर काय उघडेल याचा भरवसा नाही. अर्धवट उपाय मला नको आहेत. ही दुरुस्ती तुमच्याकडूनच व्हायला हवी.

आणि ती अशक्य नाही. क्रोम ब्राउझर ॲडमिनचा पासवर्ड नसला तरी वापरणाऱ्याच्या ॲपडेटा फोल्डरमध्ये बसतो आणि तिथेच स्वतःला ताजा करतो. प्रोग्रॅम लिहायचं व्हिज्युअल स्टुडिओ कोडही एकाच वापरणाऱ्यापुरता बसवता येतो. तुमच्याच धंद्यातला, गेम विकणारा स्टीम बसवताना एकदा परवानगी घेतो आणि अधिकार लागणारी पुढची कामं पार्श्वभूमीवर चालणाऱ्या सेवेकडे देतो. अशी सेवा लिहिताना जपावं लागतं. स्टीमच्या त्या सेवेतच २०१९ मध्ये अधिकार वाढवता येतील अशी त्रुटी सापडली होती आणि ती दुरुस्त करावी लागली. तरीही रस्ता तोच आहे : मोठे अधिकार एका छोट्या, तपासलेल्या भागाकडे, आणि बाकी सगळं साध्या अधिकारात. चीटिंग रोखायला जे गेम विंडोजच्या गाभ्यात ड्रायव्हर बसवतात त्यांची गोष्ट निराळी, पण या गेममध्ये तसा ड्रायव्हर नाही. हे तुमच्याच दुसऱ्या उत्तरात लिहिलेलं आहे.

तेव्हा माझी मागणी अशी. लाँचर साध्या खात्यातून, पासवर्ड न मागता उघडला पाहिजे आणि अपडेटही तसंच झालं पाहिजे. कधीपर्यंत करणार ती तारीख मला लेखी कळवा. निदान तोपर्यंत, गेम ॲडमिनच्या अधिकारात सुरू करू नका, एवढा बदल तरी लगेच करा. खातं ॲडमिनिस्ट्रेटर करा, सूचना बंद करा, अँटिव्हायरसमधून वगळा, हा सल्ला ग्राहक सेवेतून काढून टाका. आणि दुकानाच्या पानावर गेमच्या किमतीशेजारी 'दर वेळी ॲडमिनिस्ट्रेटरचा पासवर्ड लागेल' असं ठळक लिहा. हे आधी लिहिलेलं असतं तर मी घेतला नसता. यातलं काहीच जमणार नसेल तर माझे १,९९९ रुपये परत करा. हेडफोनचे पैसे आणि माझे तीन दिवस मी मागत नाही.

ई-कॉमर्सच्या २०२० च्या नियमांप्रमाणे या पत्राची पोच ४८ तासांत आणि तक्रारीचं निवारण एका महिन्यात व्हायला हवं. झालं नाही तर मी १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर नोंद करीन आणि पुढे जिल्हा ग्राहक आयोगाकडे जाईन. २०१९ च्या कायद्यानं मला ते मी राहते तिथे, बेळगावातच करता येतं. तुमच्या शहरात यावं लागणार नाही.

हे पत्र मराठीत लिहिलं आहे, कारण झालेला त्रास मला माझ्या भाषेतच नेमका सांगता येतो. तुमच्या तंत्रज्ञांसाठी इंग्रजी प्रत जोडली आहे. सोबत खरेदीची पावती, तिन्ही उत्तरांच्या प्रती, ७४० च्या संदेशाचं चित्र आणि ती बॅच फाइलही पाठवत आहे. तुमच्या माणसांनी साध्या खात्यावर ती एकदा चालवून पाहावी.

शनिवारी रात्री मुलं आता फोनवर नुसती बोलतात. गेम बंद आहे. मी पासवर्ड बदलला आहे आणि तो कुणालाही सांगितलेला नाही.

आपली,
एक ग्राहक,
शहापूर, बेळगाव