परदेशी निघालेल्या पोराचे कागद घरातही ठेवा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आमच्या बेळगावकडच्या खानापूर तालुक्यातली गवंडीकामाची पोरं पूर्वी गोव्याला जायची, आता आखातातही जातात. गेल्या पावसाळ्यात आमच्या गल्लीतला एक पोरगा तिकडे परांचीवरून पडून गेला. त्याचा देह गावात यायला एकोणीस दिवस लागले. त्यातले निम्म्याहून जास्त दिवस इथे, आपल्याच दारात गेले. ते मी जवळून पाहिलं, म्हणून हे पत्र.

भारतीय दूतावासातून फोन तिसऱ्या दिवशी आला. बोलणाऱ्या बाई हिंदीत, सावकाश, दोनदोनदा सांगत होत्या. तिकडचा मृत्यूचा दाखला, पोलिसांची परवानगी, देह टिकवण्याची व्यवस्था, पासपोर्ट रद्द करून ना हरकत दाखला देणं, हे सगळं त्या बघणार होत्या. घरच्यांकडून हवं होतं ते एवढंच: पासपोर्टची प्रत, वारसांचं संमतिपत्र, आणि तिकडे सह्या कोणी करायच्या त्याचं अधिकारपत्र. मात्र वारसाच्या सहीशिवाय देह हलत नाही.

घरात पासपोर्टची प्रत नव्हती. एकदा व्हॉट्सॲपवर त्याने फोटो पाठवला होता, पण तो मोबाइल फुटून गेलेला. आईने डाळीच्या डब्यामागची पिशवी काढली आणि माझ्यापुढे ओतली. "गुरुजी, यातलं काय लागतंय ते बघा की." रेशन कार्ड कन्नडमध्ये, शाळा सोडल्याचा दाखला मराठीत, आधार कन्नड आणि इंग्रजीत. बापाच्या नावात 'त' आहे. आपण इंग्रजीत लिहिताना 'त'ला टी लावतो, कन्नड पद्धतीत तिथे टीएच येतं. दोन दिवसांनी तिकडून पासपोर्टचा फोटो आला, तेव्हा कळलं की पासपोर्टवर बाप एक आणि आधारवर दुसरा. ही दोन्ही नावं एकाच माणसाची आहेत हे सिद्ध करायला नोटरीचं अफिडेव्हिट, नाडकचेरीतून, म्हणजे इथल्या महसूल कचेरीतून, वंशावळीचा दाखला, त्यात मध्ये दुसरा शनिवार आणि रविवार. तिकडे पोरगा शवागारात आणि इथे आम्ही एका अक्षरासाठी खेटे घालतोय. त्या दिवसांत त्या घरात चूल नीट पेटली नाही.

संमतिपत्र इंग्रजीत टाइप केलेलं होतं. बापाने पेन हातात घेतलं आणि थांबले. "गुरुजी, एकदा वाचून दाखवा. पोराला तिथंच पुरायचं म्हणून तर लिहिलं नाही न्हवं?" मी ओळ न् ओळ मराठीत सांगितली, मग त्यांनी सही केली. चाळीस वर्षं मी मुलांना वाचायला शिकवलं, पण असं वाचन कधी करावं लागलं नव्हतं.

मालकाने हात वर केले. देह आणण्याचा खर्च दूतावासाकडच्या भारतीय समुदाय कल्याण निधीतून झाला. २००९ पासून हा निधी अशाच अडलेल्यांसाठी आहे, पण तो मागावा लागतो, आणि आहे हे माहीत असलं तरच मागता येतो.

विमा मात्र मिळाला नाही, आणि याचीच मला सगळ्यात जास्त चीड आहे. दहावी न झालेल्याच्या पासपोर्टवर ईसीआर असं लिहिलेलं असतं. अशा माणसाला आखातासह अठरा देशांत कामाला जायचं तर आधी सरकारची परवानगी लागते. ती ई-मायग्रेट पोर्टलवरून मिळते आणि त्याबरोबर प्रवासी भारतीय विमा योजना घ्यावीच लागते. दोन वर्षांचा हप्ता २७५ रुपये, तीन वर्षांचा ३७५. अपघाती मृत्यू झाला तर घरच्यांना दहा लाख. आमच्या पोराला एजंटाने "नंतर तिकडेच बदलून घेऊ" म्हणत व्हिजिट व्हिसावर पाठवलं. म्हणजे परवानगी नाही, करार नाही, विमा नाही. वर ऐंशी हजार घेतले. परवानाधारक एजंटाला ३० हजार आणि त्यावर जीएसटी, यापेक्षा जास्त घेता येत नाही, हे त्या बापाला कोणी सांगितलं असतं तर!

वकिलातीकडून काय मागायचं आणि काय नाही, तेही लोकांना माहीत नाही. नोकरी मिळवून देणं, कोर्टातून सोडवून आणणं तिचं काम नाही. पण पकडलेल्या आपल्या माणसाला भेटणं हा तिचा हक्क आहे. सांगलीत जन्मलेल्या, पाकिस्तानने पकडलेल्या कुलभूषण जाधवांच्या खटल्यात 'कॉन्सुलर ॲक्सेस' हा शब्द आपण घरोघरी ऐकला, तो याच हक्कासाठी होता. १९६३ च्या व्हिएन्ना कराराचं ३६ वं कलम पाकिस्तानने मोडलं, असा निकाल हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयाने १७ जुलै २०१९ ला दिला. लेकीकडे किंवा सहलीला गेलेल्याचा पासपोर्ट हरवला तर पोलिसांत तक्रार करून थेट आपल्या वकिलातीत जावं. घरी परतण्यापुरतं इमर्जन्सी सर्टिफिकेट मिळतं. दुबई-शारजात असाल तर दुबईचा महावाणिज्य दूतावास, अबुधाबीत असाल तर तिथला दूतावास. सौदीत जेद्दाकडचा माणूस तिथली वकिलात सोडून रियाधला फोन करत बसला तर दिवस फुकट जातो. तक्रार इथून घरबसल्याही करता येते, त्यासाठी २०१५ पासून 'मदद' पोर्टल आहे.

ही माहिती इंग्रजी-हिंदीत आहे, पण पोराला पाठवणारी आई ती वाचू शकत नाही. सीमाप्रश्न २००४ पासून सुप्रीम कोर्टात आहे. तो सुटेल तेव्हा सुटेल, हे कागद आजचे आहेत. बेळगाव, खानापूर, निपाणीच्या ग्रामपंचायतींत आणि पोस्टात कन्नड व मराठी दोन्ही भाषांत एक पानाचं पत्रक लावा, एवढी जिल्हा प्रशासनाला कळकळीची विनंती आहे. कन्नड घरांतूनही पोरं जातात, त्यांच्या आयांचीही हीच अडचण आहे.

आमच्या गल्लीतले आणखी दोघे पुढच्या महिन्यात निघाले आहेत. काल त्यांचे कागद माझ्या ओट्यावर पसरून नावं ताडून पाहिली. पासपोर्ट आणि व्हिसाच्या प्रती, मालकाचा पत्ता आणि तिकडच्या वकिलातीचा नंबर दोघांच्या आयांकडे ठेवायला दिला. एकाच्या बापाच्या आधारवर पुन्हा तोच टीएच निघाला. सोमवारी त्याला घेऊन पोस्टात दुरुस्तीला जाणार आहे.

आपला,
एक निवृत्त मराठी शाळामास्तर,
ता. खानापूर, जि. बेळगाव