हातही न धरता

सोलापूर,
20 जानेवारी

प्रिय वैशाली,

काल मुलांना गड्ड्याच्या जत्रेत फिरवून घरी आले, तेव्हा तुझं पत्र आलेलं होतं. धर्म जपणाऱ्या मुसलमान नायक-नायिकांच्या ज्या प्रेमकथा मला आवडतात, त्यांच्याबद्दल तू विचारलंयस. "अख्ख्या कादंबरीत दोघं एकमेकांचा हातही धरत नाहीत, मग ही प्रेमकथा कशी गं?" हे वाचल्यापासून तुला काय काय सांगू असं झालंय.

या हात न धरण्यामागे जे असतं त्याला आमच्याकडे 'हया' म्हणतात. मराठीत लाज म्हणावं तर नेमकं बसत नाही. लाज कुणी पाहिलं की वाटते. हया एकटं असतानाही असते, कारण अल्लाह बघतोय हे मनात असतं. हया ईमानचा, म्हणजे श्रद्धेचा, भाग आहे, ही हदीस, म्हणजे पैगंबरांचं वचन, अम्मीनं लहानपणीच शिकवली होती. आणि ती एकट्या बायकांसाठी नाही. कुरआनच्या सूरह नूरमध्ये नजर खाली ठेवायला आधी पुरुषांना सांगितलंय, 30 व्या आयतीत. बायकांना त्याच्या पुढच्या. आमच्या गल्लीत मात्र सगळं मुलींनाच ऐकवतात. त्याचा मला फार राग येतो. म्हणून या कादंबऱ्यांतले नजर सांभाळणारे नायक मला जवळचे वाटतात. टोरोंटोत घडणाऱ्या 'आयेशा ॲट लास्ट'मधला दाढीवाला, झगा घालणारा खालिद बघ. त्याच्या कपड्यांवरून सगळे त्याच्याबद्दल मत बनवतात, खुद्द आयेशासुद्धा.

पण तू वाचावीस ती लैला अबुलेलाची 'द ट्रान्सलेटर'. 1999 ची आहे. समर ही सुदानची तरुण विधवा, स्कॉटलंडमधल्या ॲबर्डीनला अरबीची भाषांतरं करते. ज्याच्यासाठी करते तो रे इस्लामचा अभ्यासक आहे, पण मुसलमान नाही. त्यानं कलमा पढून इस्लाम स्वीकारल्याशिवाय निकाह होणार नाही. ती त्याला तसं विचारते, त्याच्याकडून होत नाही. ती खार्तूमला निघून जाते. तिथं तिला उमगतं, की आपण इतके दिवस त्याच्या ईमानसाठी दुआ मागत होतो ती खरं तर स्वतःसाठी होती, तो आपल्याला मिळावा म्हणून. मग ती फक्त त्याच्या भल्यासाठी मागायला लागते, आपल्या वाट्याला काही नाही आलं तरी. ही पानं वाचताना मी उठून खिडकीपाशी जाऊन उभी राहिले. पुढचं सांगत नाही.

तुला माझं लग्न ठरलं तेव्हाचं कधी नीट सांगितलं नाही. विजापूर वेशीजवळच्या मामूंच्या घरी आम्ही दोघं बोललो. दार उघडं, मामू पलीकडच्या खोलीत. यांची नजर चहाच्या कपावर. विचारलं एवढंच, "तुम्हाला शाळेतली नोकरी चालू ठेवायची आहे ना?" माझ्या मनात काय आहे हे तोवर कुणी विचारलंच नव्हतं. त्या रात्री मी इस्तिखाराच्या, म्हणजे निर्णयाआधी अल्लाहकडे योग्य वाट मागायच्या नमाजच्या, दोन रकात पढले. लोकांना वाटतं इस्तिखारा म्हणजे स्वप्न पडणार. तसं नसतं. दुआ अशी आहे, की हे माझ्या दीनसाठी, म्हणजे धर्मासाठी, आणि जगण्यासाठी चांगलं असेल तर सोपं कर, नसेल तर त्याला माझ्यापासून आणि मला त्याच्यापासून दूर ने. वैशू, माणूस आवडलेला असताना हे वाक्य म्हणणं किती अवघड जातं! माझा आवाज फुटला होता. हात धरणं त्यापुढे सोपं गं.

सिनेमात आमची मुलगी प्रेमात पडली की तिला धर्म सोडावा लागतो, नाहीतर प्रेम. दोन्ही घट्ट धरून ठेवणारी मला क्वचितच दिसते. मराठीतही तेच. पहिलं मुस्लिम मराठी साहित्य संमेलन 1990 साली आपल्याच गावात झालं, मुस्लिम मराठी साहित्य चळवळीतले फक्रुद्दीन बेन्नूर सर इथलेच. त्या चळवळीनं आमची गरिबी, आमची घुसमट मराठीत आणली, त्याचं ऋण मोठं आहे. पण फजरच्या, म्हणजे पहाटेच्या, नमाजला उठणारी, दुपारभर विड्या वळणारी, घरात दखनी आणि शाळेत मराठी बोललेली एखादी मुलगी कुणावर जीव लावते तेव्हा सजद्यात, कपाळ जमिनीला टेकून, काय मागते, हे मी अजून मराठीत वाचलेलं नाही. मला ते वाचायचंय, आणि मराठीतच.

भाऊ शुक्रवारी हुतात्मा एक्स्प्रेसनं पुण्याला येतोय, त्याच्याबरोबर पुस्तक पाठवते. खार्तूमच्या पानांत मेंदीच्या पुडीचा कागद घातलाय, तो काढू नकोस. आणि काकूंना माझा सलाम सांग.

तुझीच,
शमीम