टिबुकली आणि रोहितचा जुना नातेवाईक

प्रिय मंग्या,

भिगवणची होडी आठवते का रे? समोर रोहित, म्हणजे फ्लेमिंगो, चोच उलटी पाण्यात घालून चरत होते आणि होडीला लागून एक टिबुकली बुडी मारून भलतीकडेच वर आली. तू विचारलंस, हे दोघं एकाच पाण्यातले, मग नात्यातले असतील का, आणि मी म्हटलं छे, रोहित करकोच्यांमधला. चुकीचं सांगितलं रे तुला. २००१ मध्ये डीएनए तपासला तेव्हा रोहितचं सगळ्यात जवळचं नातं टिबुकलीच्या घराण्याशीच निघालं!

पण खरी गोष्ट पुढेच आहे. फ्रान्समध्ये सँ-जेरां-ल-पुई म्हणून गाव आहे, तिथल्या चुनखडीत जुन्या तळ्यातल्या पक्ष्यांची ढीगभर हाडं मिळाली. त्यातल्या एकाला फ्रेंच प्राणिशास्त्रज्ञ मिल्न-एडवर्ड्सनी १८६३ मध्ये नाव दिलं पॅलेलोडस, म्हणजे जुना दलदलवासी. जवळपास दोन-अडीच कोटी वर्षांपूर्वीचा पक्षी, पाय लांब पण आजच्या रोहितइतके नाहीत, चोच बरीचशी सरळ, ती वाकडी गाळणी अजून झालेलीच नव्हती. आणि पायाचं हाड दोन्ही बाजूंनी चपटं, अगदी टिबुकलीसारखं, पाय मारताना पाणी कापत जाईल असं. म्हणून त्याला पोहणारा फ्लेमिंगो म्हणतात. मला तर ते हाड बघून अंगावर काटा आला, कारण डीएनए येण्याआधी सव्वाशेहून जास्त वर्षं हे उत्तर दगडात आणि मग म्युझियमच्या कपाटात पडून होतं, फक्त कोणी टिबुकलीच्या पायाशेजारी ठेवून त्या नजरेने बघायला हवं होतं.

आणि हा फक्त फ्रान्सचा नाही बरं का. ऑस्ट्रेलियात सापडलाय, न्यूझीलंडच्या सेंट बाथन्सलाही, तिथल्या जातीचं नाव आओटेआरोआ, माओरी लोक आपल्या देशाला म्हणतात तेच. आज त्या दोन्ही देशांत रानात एकही रोहित नाही. वाईट वाटतं रे. ऑस्ट्रेलियाच्या आतल्या भागात मोठी तळी होती ती आटत गेली, आणि उथळ पाणी गेलं की या पक्ष्यांनी जायचं कुठे.

तुझ्याकडे त्या टिबुकलीचा बुडी मारतानाचा फोटो आहे ना, मागे पाय दिसतोय तो? मोठ्या साइझमध्ये पाठव, मला तो त्या हाडाच्या चित्राशेजारी लावायचाय.

तुझा,
विनू