बीटल्सच्या दोन संचांविषयी आई-बाबांना पत्र

छत्रपती संभाजीनगर

ती. आई व बाबांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

बाबा, बीटल्स या इंग्लंडच्या बँडची गाणी फोनवर फुकट मिळत असताना मी त्यांच्या सीड्यांचे दोन संच, एक मोनो (सगळा आवाज एकाच मार्गाने) आणि एक स्टिरिओ (डावा-उजवा आवाज वेगळा), तेही बहुतांशी त्याच गाण्यांचे, कशासाठी घेतले, असे तुम्ही विचारले होते. साठच्या दशकात इंग्लंडमधल्या बहुतेक घरांत एकाच स्पीकरचे यंत्र असे, त्यामुळे बीटल्सची मंडळी मोनो मिश्रणावर (गाण्यातले आवाज एकत्र जुळवण्यावर) अधिक मेहनत घेत आणि स्टिरिओचे काम बरेचदा तंत्रज्ञांवर सोडत. म्हणूनच १९६८पर्यंतच्या अल्बममधली काही गाणी मोनोत वेगळ्या गतीने चालतात, तर काहींचा शेवटच निराळा आहे. दोन्ही संच २००९मध्ये नव्याने निघाले. स्टिरिओ संच सफरचंदाच्या आकाराच्या पेनड्राइव्हवर फ्लॅक (आवाजातले काही न गमावता लहान केलेली फाइल) स्वरूपातही आला होता, पण त्याचे नग फक्त ३०,०००. मी आपला सीड्याच संगणकावर उतरवत बसलो आहे.

सीडीवर प्रत्येक सेकंदाला ध्वनीचे ४४,१०० नमुने नोंदलेले असतात. एमपी३ करताना कानाला जाणवणार नाही असे समजून त्यातले बरेच काही कायमचे टाकून दिले जाते. फ्लॅकमध्ये जागा साधारण निम्मी लागते, तरीही काही गळत नाही. आई, तू वाकळ घडी घालून ट्रंकेत ठेवतेस, ती उलगडल्यावर तिचा एक टाकाही कमी झालेला नसतो, तसेच हे. खरे सांगायचे तर चांगल्या एमपी३मधला आणि फ्लॅकमधला फरक माझ्या कानांना बहुधा कळणारही नाही. परंतु फ्लॅकवरून एमपी३ केव्हाही करता येते, उलटे मात्र होत नाही, म्हणून संग्रह फ्लॅकचाच हवा.

त्यावरून एक विनंती. बाबा, तुमच्या भारुडांच्या आणि अभंगांच्या कॅसेटी कोणी पेनड्राइव्हवर करून देतो म्हणाले, तरी कृपया देऊ नका; मीच त्या फ्लॅकमध्ये उतरवीन. फ्लॅकमुळे टेपची खरखर जाणार नाही की विरलेला आवाज परत येणार नाही, पण आज जेवढे शिल्लक आहे तेवढे तरी पुरते उतरेल. पोळ्याला येताना मी जोडणीची तार घेऊन येईन. तोवर कॅसेटी टीव्हीच्या स्पीकरजवळून हलवून कोरड्या जागी ठेवाव्यात.

आपला,
थोरला