जिल्हा परिषदेच्या अध्यक्षांकडे काय मागावे?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

जिल्हा परिषदेच्या अध्यक्षपदाविषयी आपल्या जिल्ह्यात जी चर्चा होते ती बहुधा दोनच गोष्टींभोवती फिरते. आरक्षणाची सोडत कोणत्या प्रवर्गाची निघाली आणि पद कोणत्या गटाकडे, किती महिन्यांसाठी जाणार. त्या खुर्चीवर बसणाऱ्या व्यक्तीला कायद्याने नेमके काय करता येते, हा प्रश्न गावच्या पारावर निघत नाही आणि, सांगताना वाईट वाटते, पुष्कळदा सदस्यांच्या बैठकीतही निघत नाही. मी राज्यातील एका जिल्हा परिषदेच्या सामान्य प्रशासन विभागात अनेक वर्षे सभेचे इतिवृत्त लिहिण्याचे काम केले असून निवृत्तीनंतर कोल्हापुरात स्थायिक झालो आहे. त्या अनुभवावरून हे पत्र लिहीत आहे.

महाराष्ट्रात जिल्हा परिषदांचा कारभार १ मे १९६२ रोजी सुरू झाला. पंचायत राज्यासाठी केंद्राने नेमलेल्या बलवंतराय मेहता समितीने गट (तालुक्याच्या) पातळीवर भर दिला होता. आपल्याकडे वसंतराव नाईक समितीने मात्र जिल्हा हाच स्थानिक कारभाराचा मुख्य घटक मानला आणि जिल्हाधिकाऱ्यांना परिषदेच्या बाहेर ठेवले. एवढ्या विचाराने उभ्या केलेल्या संस्थेचा प्रमुख केवळ सभा चालवणारा असावा, असे कायदा करणाऱ्यांच्या मनात नव्हते. १९६१ च्या जिल्हा परिषद व पंचायत समिती अधिनियमातील कलम ५४ वाचले की हे लक्षात येते. सभा बोलावणे व तिचे अध्यक्षस्थान भूषवणे हे तर आहेच. पण परिषदेचे सर्व अभिलेख पाहणे, आर्थिक व कार्यकारी कारभारावर लक्ष ठेवणे, आणि परिषद, स्थायी समिती व विषय समित्या यांच्या ठरावांची अंमलबजावणी व्हावी यासाठी मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांवर प्रशासकीय देखरेख व नियंत्रण ठेवणे, हेही अध्यक्षांचे काम आहे.

यातला अभिलेख पाहण्याचा अधिकार वरवर किरकोळ वाटतो, पण माझ्या मते तोच सर्वांत मोलाचा आहे. एका शाळेच्या दोन खोल्यांचे छप्पर बदलण्याचा ठराव आमच्याकडे एकमताने मंजूर झाला होता. सूचक आणि अनुमोदक यांची नावे मीच लिहिली होती. पुढच्या सभेच्या अनुपालन अहवालात, म्हणजे मागील ठरावांचे काय झाले हे सांगणाऱ्या अहवालात, त्या ठरावापुढे ‘कार्यवाही सुरू आहे’ असा शेरा आला. त्यापुढच्या सभेत तोच शेरा, आणि त्याच्या पुढच्याही सभेत तोच. सर्वसाधारण सभा तीन महिन्यांतून किमान एकदा होते, म्हणजे या एका शेऱ्याखाली बघता बघता नऊ महिने गेले आणि मुले पावसाळाभर व्हरांड्यात बसली. नंतर एक बाई अध्यक्ष झाल्या. त्यांनी सभेत भाषण केले नाही. ‘ही फाईल आत्ता टेबलावर आणा’ एवढेच सांगितले. फाईल आली तेव्हा दिसले की मोजमापाविषयीची एक साधी शंका खालच्या कार्यालयाला विचारून ती परत पाठवलेली होती, आणि त्या शंकेचे उत्तर कोणी दिलेलेच नव्हते. उत्तर चार दिवसांत आले आणि पुढच्या जूनपूर्वी छप्पर बदलले गेले. त्या बाईंनी कोणाची बदली केली नाही, कोणाला निलंबित केले नाही. कायद्याने दिलेला कागद पाहण्याचा हक्क त्यांनी वापरला, इतकेच.

उलट लोक अध्यक्षांकडे मागतात ते बहुतेक वेळा त्यांच्या हातात नसते. शिक्षकांच्या जिल्हांतर्गत बदल्या संगणकीय प्रणालीतून होतात. भरती, निविदा, देयके यांची प्रक्रिया प्रशासनाची आहे. बंगल्यावर सकाळी जमणारी गर्दी बहुधा याच कामांचे अर्ज घेऊन आलेली असते आणि अध्यक्षांचा दिवस शिफारसपत्रांवर सह्या करण्यात संपतो. अनुपालन अहवाल मात्र न वाचता ‘सभेपुढे ठेवण्यात आला’ या एका ओळीत निकालात निघतो.

कलम ५४ मध्येच आणीबाणीच्या प्रसंगासाठीची तरतूद आहे आणि ती आपल्या जिल्ह्याने तरी तोंडपाठ करावी अशी आहे. लोकांच्या सेवेसाठी किंवा सुरक्षिततेसाठी तातडीचे असलेले काम, एरवी परिषदेची मंजुरी लागत असली तरी, अध्यक्ष ताबडतोब हाती घेण्यास किंवा थांबवण्यास सांगू शकतात आणि त्याचा खर्च जिल्हा निधीतून करण्याचा आदेश देऊ शकतात. मात्र कारणांसह त्याचा अहवाल पुढच्याच सभेपुढे ठेवावा लागतो आणि सभा तो निर्णय बदलू किंवा रद्द करू शकते. २०१९ आणि २०२१ चा महापूर आपण पाहिला आहे. पाणी ओसरल्यावर शिरोळ आणि करवीर तालुक्यांतील नदीकाठच्या गावात पहिली गरज असते ती पिण्याच्या पाण्याची, आणि नेमकी त्याच वेळी जॅकवेल (नदीचे पाणी उपसण्याची विहीर) गाळाने भरलेली व मोटर बुडालेली असते. अशा दिवसांत सभेची तारीख येण्याची वाट पाहता येत नाही. अधिकार तातडीचा आणि हिशेब नंतर सभेला द्यायचा, ही रचना मला फार शहाणपणाची वाटते.

मार्च २०२२ मध्ये कोल्हापूरसह अनेक जिल्हा परिषदांची मुदत संपली आणि पुढे दीर्घकाळ मुख्य कार्यकारी अधिकारीच प्रशासक म्हणून कारभार पाहू लागले. राज्यघटनेच्या अनुच्छेद २४३-ई नुसार पाच वर्षांची मुदत संपण्यापूर्वी निवडणूक पूर्ण व्हायला हवी, हे येथे मुद्दाम नमूद करतो. या काळातले अधिकारी चांगले की वाईट, हा माझा मुद्दा नाही. ज्याच्यावर देखरेख ठेवायची आणि ज्याने ती ठेवायची, ती दोन्ही माणसे एकच झाली, हा मुद्दा आहे. ठराव करणारा तोच, राबवणारा तोच आणि अनुपालन अहवाल वाचणाराही तोच. इतिवृत्त लिहिणाऱ्या माणसाला यातली उणीव चटकन कळते, कारण अशा इतिवृत्तात प्रश्नच नसतात.

निवडून आलेले अध्यक्ष असतानाही आपण हे पद दुबळे करतो ते मुदतीची वाटणी करून. कायद्याने अडीच वर्षे दिलेली असताना गटांचे समाधान करण्यासाठी वर्ष-सव्वा वर्षात राजीनामा घ्यायचा, ही रीत सर्वच पक्षांनी अंगवळणी पाडून घेतली आहे. अंदाजपत्रकाचे एक वर्तुळ समजायलाच नव्या माणसाला वर्ष लागते. महिलांसाठी निम्मी पदे राखीव असताना ही वाटणी त्यांच्यावर अधिक अन्याय करते, कारण काम हाती येऊ लागले की सत्काराचा शेवटचा हार गळ्यात पडतो.

जिल्ह्याच्या विकास आराखड्याचे काम पाहणाऱ्या जिल्हा नियोजन समितीचाही उल्लेख करतो. केरळमध्ये जिल्हा पंचायतीचे अध्यक्ष तिचे प्रमुख असतात. आपल्याकडे ते स्थान पालकमंत्र्यांचे आहे. हा बदल विधिमंडळाच्या हातात असल्यामुळे त्यावर येथे अधिक लिहीत नाही.

जिल्ह्यातच करता येण्याजोगे दोन बदल मात्र सुचवतो. कलम ५४ चा मराठी मजकूर अध्यक्षांच्या दालनाबाहेर, अर्ज घेऊन आलेल्या माणसाला वाचता येईल अशा अक्षरांत लावावा. आणि प्रत्येक सर्वसाधारण सभेपूर्वी आठ दिवस मागील ठरावांचा अनुपालन अहवाल परिषदेच्या संकेतस्थळावर आणि बाराही पंचायत समित्यांच्या फलकावर प्रसिद्ध करावा. त्यात ‘कार्यवाही सुरू आहे’ हा शेरा चालू नये. फाईल कोणत्या टेबलावर, कोणत्या तारखेपासून आहे, ते लिहावे.

आपला,
एक निवृत्त जिल्हा परिषद कर्मचारी, कोल्हापूर