‘ग्लायकॉल’ म्हणजे नेमकं कोणतं, ते छापा

संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

खोकल्याच्या दूषित औषधाच्या बातम्या आपल्या पानांवर काही दिवस सलग येत होत्या. त्यांत एकाच विषाला तीन नावं मिळाली. आधी ‘डायइथिलीन ग्लायकॉल’, मग ‘इथिलीन ग्लायकॉल’, आणि मथळ्यात तर नुसतंच ‘ग्लायकॉल’. एका चौकटीत ‘औषधातील विषारी घटक’ असंही छापलं होतं. माझी सगळी नोकरी औषधं तपासणाऱ्या प्रयोगशाळेत गेली, आणि त्यातला मोठा काळ गॅस क्रोमॅटोग्राफीच्या (मिश्रणातले पदार्थ वायुरूपात वेगळे करून ओळखण्याच्या) यंत्रापुढे, नेमके हेच द्रव पदार्थ तपासण्यात. म्हणून राहवलं नाही. पत्र लांबलं आहे. काटछाट करावी लागली तर जरूर करा, फक्त रसायनांची नावं पूर्ण राहू द्या.

‘ग्लायकॉल’ हे एका पदार्थाचं नाव नाही, ते कुळाचं नाव आहे. १८५६ साली चार्ल्स-अडॉल्फ वुर्ट्झ या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञाने एक नवा द्रव तयार केला. इथिल अल्कोहोलच्या रेणूत एक हायड्रॉक्सिल गट (ऑक्सिजन आणि हायड्रोजनच्या अणूंची जोडी) असतो, ग्लिसरीनच्या रेणूत तीन असतात, आणि या नव्या द्रवात दोन होते. दोघांच्या मधला, म्हणून वुर्ट्झने ग्लिसरीनची सुरुवात आणि अल्कोहोलचा शेवट जोडून त्याला ‘ग्लायकॉल’ म्हटलं. ग्लिसरीनमधला ‘ग्लिस’ मूळचा ग्रीक, अर्थ गोड. तेव्हा या नावातून एवढंच समजतं की रेणूत दोन हायड्रॉक्सिल गट आहेत, आणि पदार्थ बहुधा गोडसर, दाटसर असणार. तो पोटात गेला तर काय होईल, याबद्दल हे नाव काहीही सांगत नाही. ते सांगतं त्याच्या आधी लागलेलं विशेषण, आणि मथळ्यात जागा नाही म्हणून गळतं ते नेमकं तेच.

इथिलीन ग्लायकॉलमध्ये कार्बनचे दोन अणू असतात. मोटारीच्या रेडिएटरमधलं पाणी गोठू नये म्हणून घालतात ते हेच. शरीरात गेल्यावर यकृत त्याचं रूपांतर आधी ग्लायकोलिक आणि पुढे ऑक्झॅलिक आम्लात करतं. मग ऑक्झॅलिक आम्ल रक्तातल्या कॅल्शियमशी जोडलं जातं आणि त्याचे स्फटिक मूत्रपिंडात साचतात. प्रोपिलीन ग्लायकॉलमध्ये कार्बनचा एकच अणू जास्त. पण त्यामुळे वाटच बदलते. त्याचं यकृतात लॅक्टिक आम्ल होतं, जे आपल्या स्नायूंमध्ये एरवीही तयार होत असतं आणि शरीर ते सहज वापरून टाकतं. म्हणूनच प्रोपिलीन ग्लायकॉल पाण्यात न विरघळणारी औषधं विरघळवण्यासाठी जगभर वापरतात आणि खाद्यपदार्थांतही त्याला ठरावीक मर्यादेत परवानगी आहे. कुळ एक, दिसायला दोघंही रंगहीन. एक विष आणि दुसरं औषधाचं वाहन.

आता डायइथिलीन ग्लायकॉल. प्रयोगशाळेत आम्ही त्याला ‘डीईजी’ म्हणायचो. इथिलीन ग्लायकॉलचे दोन रेणू एकमेकांना जोडले आणि जोडताना पाण्याचा एक रेणू बाहेर पडला की हे तयार होतं. हिशेब रेणूंच्या वजनातही दिसतो: ६२ आणि ६२ मिळून १२४, त्यातून पाण्याचे १८ वजा, राहिले १०६. नव्या विद्यार्थ्यांना मी हा हिशेब फळ्यावर करून दाखवायची, कारण त्याने नावातलं ‘डाय’ कायमचं लक्षात राहतं. पण इथे नाव थोडं फसवतंही. एक तर ‘इथिलीन’ ऐकून वाटतं की रेणूत दुहेरी बंध असणार. तो नसतो, इथिलीन हा फक्त मूळ कच्चा माल. दुसरं असं की ‘डाय’मुळे वाटतं, शरीरात याचे दोन तुकडे होऊन दोन इथिलीन ग्लायकॉल सुटत असतील. तसंही होत नाही. मधला ऑक्सिजनचा दुवा शरीराला तोडता येत नाही. रेणू अखंड राहतो आणि त्याच्या टोकांवर बदल होत होत डायग्लायकोलिक आम्ल बनतं. मूत्रपिंडातल्या सूक्ष्म नलिकांच्या पेशी मारतं ते हे आम्ल. आधी उलट्या, पोटदुखी, मग एक-दोन दिवसांत लघवी कमी होत होत बंद. काही रुग्णांत पुढे चेहऱ्याचे आणि हातापायांचे स्नायू लुळे पडतात. म्हणजे ‘इथिलीन ग्लायकॉल’ आणि ‘डायइथिलीन ग्लायकॉल’ ही दोन वेगळी विषं आहेत. २०२२ मध्ये गांबिया या आफ्रिकी देशात साठाहून अधिक मुलं दगावली, तेव्हा जागतिक आरोग्य संघटनेने इशाऱ्यात दोन्ही नावं स्वतंत्रपणे दिली होती, कारण नमुन्यांत दोन्ही सापडली होती.

आणि ‘पॉली’ लागलं की? पॉलिइथिलीन ग्लायकॉल. तेच एकक कितीतरी वेळा जोडलेली लांब साखळी. नाव सगळ्यांत भीतीदायक, पण हे बद्धकोष्ठाचं रोजचं औषध आहे, लहान मुलांनाही देतात. मोठा रेणू आतड्यातून फारसा शोषला जात नाही, पाणी धरून ठेवतो आणि बाहेर पडतो.

या सगळ्याचा वर्तमानपत्राशी संबंध काय, असं आपण म्हणाल. सांगते. आपली बातमी आली त्या आठवड्यात ओळखीची एक तरुण आई माझ्याकडे आली. तिच्या मुलाला डॉक्टरांनी दिलेलं औषध तिने बंद केलं होतं, कारण बाटलीवर ‘प्रोपिलीन ग्लायकॉल’ लिहिलेलं होतं आणि बातमीत ‘ग्लायकॉल’ होतं. औषध बंद केल्याने मुलाचा त्रास वाढला होता. मी तिला समजावलं, डॉक्टरांना फोन करायला लावला. पण तिने पुढे जे विचारलं त्याने मला खरी काळजी वाटली. ती म्हणाली, “मग काकू, ज्या बाटलीवर ग्लायकॉल लिहिलेलंच नाही, ती घेतली तर चालेल ना?”

महोदय, याचं उत्तर ‘नाही’ असं आहे, आणि हे आपल्या एकाही बातमीत आलं नाही. डायइथिलीन ग्लायकॉल कधीच लेबलवर नसतं. ते औषधाचा घटक नाहीच. कुठलाही औषधनिर्माता ते सूत्रात लिहीत नाही. ते येतं पातळ औषधात घालायच्या ग्लिसरीनच्या, प्रोपिलीन ग्लायकॉलच्या किंवा सॉर्बिटॉलच्या पिंपातून, भेसळ म्हणून. त्यामुळे ‘विषारी घटक’ हा शब्दप्रयोग वाचकाला लेबल वाचायला लावतो आणि लेबलवर त्याला फक्त निरपराध नावं सापडतात. ‘भेसळ’ किंवा ‘दूषितीकरण’ म्हटलं असतं तर नजर जिथे जायला हवी तिथे, कच्च्या मालाच्या तपासणीकडे, गेली असती.

ही तपासणी अवघड नाही, हे मी खात्रीने सांगते. ग्लिसरीन आणि डीईजी दोन्ही रंगहीन, दोन्ही दाट, दोन्ही गोड, आणि डीईजी स्वस्त. डोळ्यांना फरक दिसणं शक्य नाही. गॅस क्रोमॅटोग्राफीच्या आलेखावर मात्र दोघांची शिखरं वेगवेगळ्या वेळी, स्वच्छ सुटी उमटतात. कारण डीईजी साधारण २४५ अंश सेल्सिअसला उकळतं, ग्लिसरीन २९० ला. औषधी ग्लिसरीनमध्ये डीईजी आणि इथिलीन ग्लायकॉल यांची मर्यादा प्रत्येकी ०.१० टक्के आहे. अमेरिकी औषधसंहितेने (औषधांच्या दर्जाचे निकष देणाऱ्या ग्रंथाने) २००९ मध्ये ही चाचणी थेट ‘ओळख’ या भागात आणली. म्हणजे ही चाचणी पार केल्याशिवाय त्या द्रवाला ग्लिसरीन म्हणायचंच नाही. मला हा निर्णय फार योग्य वाटतो. पिंपावरची चिठ्ठी म्हणजे विकणाऱ्याचा दावा. नाव खरं आहे की नाही, हे चाचणी ठरवते, आणि ती प्रत्येक पिंपाची करावी लागते.

चिठ्ठीवर विश्वास ठेवला की काय होतं, ते पनामात २००६ मध्ये दिसलं. चीनमधून निघालेल्या पिंपांवर ‘टीडी ग्लिसरीन’ असं नाव होतं. ‘टीडी’ ही ‘पर्यायी’ अशा अर्थाच्या चिनी शब्दांची आद्याक्षरं. माल हातोहात विकला जाताना वाटेत नाव बदललं आणि कागदावर ‘९९.५ टक्के शुद्ध ग्लिसरीन’ आलं. दोन अक्षरं गळली. त्या पिंपांतून सर्दी-खोकल्याचं औषध बनलं आणि अनेक माणसं मेली.

याहून जुनी घटना १९३७ ची, अमेरिकेतली. सल्फॅनिलामाइड हे जंतुसंसर्गावरचं तेव्हाचं गुणकारी औषध गोळ्या आणि पूड या रूपांत मिळत होतं. पातळ औषधाला मागणी आहे म्हणून एका कंपनीने ते डीईजीत विरघळवलं. रंग, वास, चव पाहिली. विषारीपणा पाहिला नाही, आणि कायद्याने तो पाहणं बंधनकारकही नव्हतं. शंभरहून अधिक लोक दगावले, त्यात कितीतरी लहान मुलं. सरकारने बाटल्या परत मागवल्या, त्या कशाच्या आधारावर? औषधाला ‘एलिक्झिर’ म्हटलं होतं, एलिक्झिर म्हणजे अल्कोहोल असलेलं औषध, आणि यात अल्कोहोल नव्हतं. चुकीचं नाव, एवढाच गुन्हा. त्याऐवजी ‘द्रावण’ लिहिलं असतं तर तो आधारही उरला नसता. पुढच्याच वर्षी, १९३८ मध्ये, अमेरिकेत नवं औषध बाजारात येण्याआधी ते सुरक्षित असल्याचं सिद्ध करणं सक्तीचं झालं.

वर्तमानपत्रांची ही सवय नवी नाही आणि एकट्या आपल्या पत्राचीही नाही. १९८५ मध्ये ऑस्ट्रियातल्या वाइनमध्ये गोडी आणि भरीवपणा यावा म्हणून डीईजी मिसळलेलं आढळलं, तेव्हा जर्मन भाषेत त्याला ‘ग्लायकॉल वाइन’ हेच नाव रूढ झालं आणि इंग्रजी बातम्यांत ते ‘अँटिफ्रीझ’ झालं. अँटिफ्रीझ मुख्यतः इथिलीन ग्लायकॉलचं असतं. पदार्थ वेगळा, विषक्रिया वेगळी, पण आकर्षक शब्द चिकटला तो चिकटलाच.

माझी विनंती फार मोठी नाही. नाव पूर्ण लिहावं आणि सगळ्या बातम्यांत एकाच पद्धतीने लिहावं. ‘डायथिलीन’, ‘डायएथिलिन’, ‘डाय इथायलीन’ असं दररोज बदललं तर वाचकाला जुनी बातमी शोधताही येत नाही. मथळ्यात जागा नसेल तर ‘डीईजी’ लिहावं आणि खाली एकदा पूर्ण नाव द्यावं. प्रयोगशाळेचा आकडा छापताना शेजारी ०.१० टक्क्यांची मर्यादाही द्यावी. नुसत्या ‘धोकादायक प्रमाणात’ या शब्दांवरून वाचकाला काही मोजता येत नाही. बॅच क्रमांक मिळाला असेल तर तो आधी छापावा, कारण घरातल्या बाटलीवर वाचकाला पडताळून पाहता येईल अशी तीच एक गोष्ट असते.

आणि त्या दिवशीच्या चौकटीची दुरुस्ती त्याच पानावर यावी: सापडलं ते डायइथिलीन ग्लायकॉल होतं, ते औषधाचा घटक नसून भेसळ होती, आणि लेबलवर ‘प्रोपिलीन ग्लायकॉल’ असलेलं औषध डॉक्टरांना विचारल्याशिवाय कुणी बंद करू नये.

आपली नियमित वाचक,
एक निवृत्त औषध विश्लेषक